एक गोळी, दोन आवाज

भाऊबीजेला माझ्या दोन्ही बहिणी आल्या की त्यांची पोरं पहिल्या दहा मिनिटांत झोपाळा बळकावतात. थोरलीचा मुलगा जळगावातलाच, पिंप्राळ्याचा. धाकटीचा धुळ्याहून, देवपुरातून येणारा. मांडीला मांडी लावून बसतात, हातात आपापला फोन, गेम एकच, टीमही एकच. गेल्या दिवाळीत मी फराळाची ताटली घेऊन शेजारीच बसलो होतो. जळगावकराने बंदूक झाडली आणि 'ध-धाड' असा आवाज आला. एकाच गोळीचे दोन आवाज. आधी त्याच्या फोनमधून, आणि पापणी लवायच्या आत दुसऱ्याच्या फोनमधून. थोड्या वेळाने धुळेकराने गोळी झाडली. पुन्हा दोन आवाज, पण या वेळी क्रम उलटा.

एकाचा फोन स्वस्तातला आणि दुसऱ्याचा महागातला असता, तर कायम एकच मागे राहिला असता. इथे तर ज्याची गोळी त्याचा आवाज आधी. दोन फोनमध्ये अंतर किती, तर वीतभर. मग हे मागेपुढे कशाने?

थोडं खोदून पाहिलं तेव्हा कळलं की त्या 'ध'मध्ये आणि 'धाड'मध्ये जे अंतर होतं ते वीतभर नव्हतंच. ते जळगाव ते मुंबई आणि मुंबई ते जळगाव एवढं होतं.

गेम फोनमध्ये नसतो

फोनमध्ये आपण जे उतरवून घेतो ते म्हणजे चित्रं, आवाज, नकाशे, बंदुकांचे आकार. नाटकाचा सेट म्हणा. प्रयोग मात्र दुसरीकडेच चाललेला असतो, सर्व्हर नावाच्या संगणकावर. कोण कुठे उभा आहे, कुणाची हेल्थ किती उरली, कुणाच्या बंदुकीत किती गोळ्या, हे सगळं तिथे मांडलेलं असतं. आपला फोन फक्त कळवत राहतो: पुढे सरकलो, उडी मारली, चाप ओढला. आणि तिकडून जो निरोप येईल त्याप्रमाणे आपल्या सेटवरच्या बाहुल्या हलवतो.

आपल्याकडच्या पोरांना हे समजलं ते बंदीमुळे. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होतं. ज्यांच्या फोनमध्ये ते आधीपासून होतं, त्यांचं खेळणं काही दिवस चालूच राहिलं. मग ३० ऑक्टोबरला कंपनीने भारतातली सेवा थांबवली आणि तेच ॲप, तोच फोन, सगळं जागच्या जागी असून आत जायला दारच उरलं नाही. पुढे २ जुलै २०२१ला क्राफ्टन कंपनीने भारतासाठी बीजीएमआय हे त्याच गेमचं रूप आणलं. २८ जुलै २०२२ला तेही ॲपच्या दुकानांतून काढलं गेलं, पण या खेपेला सर्व्हर चालू होते, त्यामुळे जुने खेळाडू पुढेही खेळत राहिले. मे २०२३मध्ये ते परत आलं ते वेळेची मर्यादा घेऊन: १८ वर्षांखालच्यांना दिवसाला ३ तास, बाकीच्यांना ६. हे तास फोन मोजत नाही, सर्व्हर मोजतो. फोनचं घड्याळ मागे फिरवून काही उपयोग होत नाही, हा शोध आमच्या जळगावकराने स्वतः लावला आहे.

म्हणजे धुळ्याचा पोरगा जळगावच्या पोराशी खेळतो तेव्हा तो जळगावला येत नाही आणि जळगावचा धुळ्याला जात नाही. दोघेही तिसऱ्याच ठिकाणी भेटतात. हे तिसरं ठिकाण कोणतं, तिथवर पोचायचं कसं, आणि तिथे घडलेलं खरं की इथे दिसलेलं खरं, एवढेच काय ते प्रश्न आहेत.

एका पीएनआरवर चौघे

'इन्व्हाइट टाक' असं एकाने दुसऱ्याला म्हटलं की पुढे काय होतं ते रेल्वेच्या आरक्षणासारखं आहे.

पहिलं काम टीम जमवण्याचं. मित्राच्या नावापुढे हिरवा ठिपका दिसतो, म्हणजे त्याच्या फोनने 'मी जागा आहे' असं कंपनीच्या एका सर्व्हरला कळवलेलं असतं. हा सर्व्हर खेळाचा नव्हे, हजेरीचा. आपण आमंत्रण धाडलं किंवा टीम कोड सांगितला की हजेरीवाला सर्व्हर दोघांची नावं एका चिठ्ठीवर लिहितो. ही चिठ्ठी म्हणजे पीएनआर. रेल्वेत एका पीएनआरवर सहा जणांपर्यंत बसवता येतात, बीजीएमआयच्या स्क्वॉडमध्ये चौघे. अजून गाडी ठरलेली नाही, पण हे चौघे एकाच डब्यात बसणार हे ठरलं.

दुसरं काम गाडी ठरवण्याचं. त्याला मॅचमेकिंग म्हणतात. आपल्यासारखेच जमलेले इतर गट रांगेत असतात. त्यांतून साधारण सारख्या वकुबाचे आणि एकाच भागातल्या सर्व्हरला जवळ असलेले शंभर जण गोळा झाले की त्यांच्यासाठी सर्व्हरवर नवी कोरी मॅच उघडली जाते. टीममधला एक जण दुबईला असेल, म्हणजे कुणाचा तरी काका असतोच, तर त्याच्यासाठीही अंतर पाहावं लागतं. सगळ्यांना थोडं थोडं सोसेल असं ठिकाण शोधावं लागतं.

तिसरं काम गाडी पकडण्याचं, आणि घोळ होतो तो बहुतेक इथेच. सर्व्हरचा पत्ता आणि प्रवेशाची एक गुप्त खूण चौघांना स्वतंत्रपणे मिळते. त्यानंतर प्रत्येक फोन आपापल्या रस्त्याने तिथे जातो. पीएनआर एक असला तरी एक जण भुसावळला चढेल, एक चाळीसगावला. त्यामुळे तिघे मॅचमध्ये उतरले आणि चौथा लॉबीतच गोल गोल फिरणाऱ्या चक्राकडे बघत बसला, असं होऊ शकतं. त्याचं आरक्षण बरोबर असतं, फक्त तो स्टेशनवर पोचलेला नसतो.

आणि काही वेळा तिकीटच वेगळ्या तारखेचं निघतं. एकाने गेम अद्ययावत केला, दुसऱ्याने नाही. मग दोघांच्या सेटवर दारं-खिडक्या वेगवेगळ्या जागी असणार. असे दोन फोन सर्व्हर एकत्र बसवतच नाही. नवा नकाशा एकानेच उतरवला असेल तरीही तेच. आमच्या घरी दर सणाला पहिली पंधरा मिनिटं यातच जातात, कारण धुळेकर वाटेत ॲप अद्ययावत करत नाही. पारोळ्यापर्यंत त्याला डेटा वाचवायचा असतो आणि एरंडोलनंतर झोप येते.

वाड्याचं दार आणि राखणदाराची वही

आता कुणी म्हणेल, मधे कंपनीचा सर्व्हर हवाच कशाला? धुळ्याच्या फोनने जळगावच्या फोनला सरळ गाठावं की.

सरळ गाठायचं तर पत्ता लागतो, आणि पत्त्यांचीच टंचाई आहे. इंटरनेटवरच्या जुन्या पद्धतीच्या पत्त्यांची एकूण संख्या सुमारे ४२९ कोटी. जगाची लोकसंख्याच त्याहून जास्त, आणि एकेका घरात फोन, टीव्ही, लॅपटॉप असे पाच-सहा दावेदार. ३ फेब्रुवारी २०११ रोजी या पत्त्यांचे शेवटचे गठ्ठे वाटून संपले.

त्यावर केलेली जुळवाजुळव म्हणजे वाडा. जुन्या वाड्यात पंधरा बिऱ्हाडं असली तरी रस्त्यावर दार एकच आणि घर नंबरही एकच. दारात राखणदार बसलेला, त्याच्याकडे वही. वाड्यातून कुणी पत्र बाहेर पाठवलं की तो वहीत नोंद करतो: 'तिसऱ्या खोलीतल्याने मुंबईला अमक्याला पत्र धाडलं.' अमक्याचं उत्तर आलं की वही बघून तिसऱ्या खोलीत पोचवतो. पण वहीत ज्याची नोंदच नाही अशा माणसाचं पत्र आलं तर? कुणासाठी आहे हे त्याला कळत नाही, तो ते केरात टाकतो. घरातला वायफायचा राउटर हा असा राखणदार आहे. या व्यवस्थेला नॅट म्हणतात.

आता दोन वाडे घ्या, एक देवपुरात, एक पिंप्राळ्यात. दोन्हीकडे राखणदार. धुळेकराने पाठवलेलं पहिलं पत्र जळगावच्या दारात केरात जातं, कारण जळगावच्या वहीत धुळ्याची नोंद नाही. जळगावकराने पाठवलेलं धुळ्याच्या दारात केरात जातं. दोघेही आत बसून समोरच्याची वाट बघतात.

यावर एक गमतीदार तोड आहे. दोघांनी आधी तिसऱ्या, ओळखीच्या सर्व्हरला पत्र लिहायचं. तो दोघांना एकमेकांचे बाहेरून दिसणारे पत्ते कळवतो आणि सांगतो, आता एकाच वेळी एकमेकांना पत्र टाका. धुळ्याचं पत्र निघताना धुळ्याच्या वहीत जळगावची नोंद होते, जळगावचं निघताना जळगावच्या वहीत धुळ्याची. आता दोन्ही राखणदारांना वाटतं की समोरून आलंय ते आपल्याच पत्राचं उत्तर. सोडतात आत! नॅटच्या भिंतीला असं भोक पाडून कित्येक गेम आणि व्हिडिओ कॉल चालतात.

पण पुष्कळदा वाड्याबाहेर आणखी एक वेस असते. नेट पुरवणाऱ्या कंपनीकडेही पत्ते अपुरे, म्हणून ती आख्ख्या कॉलनीला एकच पत्ता देते आणि वेशीवर आपला राखणदार बसवते. तो वहीत कसल्या नोंदी करेल याचा भरवसा नाही. काही वेशींवर भोक पाडण्याची युक्ती चालते, काहींवर नाही. आपण वेशीच्या आत आहोत का, हे ताडून पाहायचं असेल तर राउटरच्या सेटिंगमध्ये बाहेरच्या बाजूचा पत्ता बघा. तो १००.६४ ते १००.१२७ यांपैकी कशाने सुरू होत असेल, तर आहात. या कामासाठी पत्त्यांचा हा पट्टा २०१२मध्ये राखून ठेवला गेला. नव्या, लांबलचक पत्त्यांची पद्धत आली आहे आणि आपल्याकडच्या मोबाइल नेटवर्कवर ती चांगली रुळली आहे, पण दोन्ही टोकांना आणि गेममध्येही ती असेल तरच तिचा उपयोग.

मधे सर्व्हर असला की हे सगळं मिटतं. दोघेही आतून बाहेर पत्र धाडतात, उत्तर येतं, दोन्ही वह्यांत नोंद असते, कुणाला भोक पाडावं लागत नाही.

ज्याची बॅट त्याची बॅटिंग

दुसरी भानगड पंचाची. सरळ एकमेकांशी खेळायचं तर निकाल कुणी द्यायचा?

१९९३ साली आलेल्या 'डूम' या गेममध्ये चार जणांपर्यंत एकत्र खेळता यायचं आणि पंच कुणीच नव्हता. प्रत्येक संगणक आपली चाल सगळ्यांना कळवायचा आणि सगळ्यांच्या चाली येईपर्यंत थांबायचा. पंगतीत शेवटच्या पानावर वरण पडेपर्यंत कुणी घास उचलायचा नाही, तसं. वाढपी एका पानापाशी अडला की आख्खी पंगत हात आवरून बसलेली. एकाच खोलीतल्या तारांवर हे चालून गेलं, लांबच्या लाइनीवर जीव काढायचं.

मग निघाली यजमानाची रीत. एकाचा संगणक किंवा फोन पंचाचंही काम करतो, बाकीचे त्याला जोडले जातात. २००० नंतरच्या दशकात सायबर कॅफेत ज्यांनी तासाच्या हिशेबाने 'काउंटर-स्ट्राइक' खेळलंय त्यांना हे आठवेल. कोपऱ्यातल्या एका संगणकावर 'सर्व्हर' उघडायचा, बाकीच्यांनी १९२.१६८ने सुरू होणारा त्याचा पत्ता टाकायचा. हा पत्ता वाड्यातल्या खोलीचा नंबर, बाहेर त्याला काडीची किंमत नाही. मिनी मिलिशिया फोनवर आलं तेव्हा हॉस्टेलमध्ये तेच झालं: एकाने हॉटस्पॉट लावायचा, बाकीच्यांनी जोडायचं. इंटरनेट लागतच नव्हतं. ना डेटा जायचा ना मुंबई मधे यायची. एसटीच्या शेवटच्या सीटवर बसून पाच जण अमळनेरपर्यंत खेळत जायचे.

या रीतीत खोट काय ती गल्लीतल्या क्रिकेटची. ज्याची बॅट त्याची बॅटिंग. यजमानाला पंचापर्यंत जायला वेळच लागत नाही, कारण पंच त्याच्याच खिशात. बाकीच्यांना लागतो. शिवाय यजमानाच्या आईने हाक मारली की तो बॅट घेऊन घरी जातो आणि खेळ तिथेच संपतो. पंचाने लबाडी केली तर विचारायची सोय नाही. शंभर अनोळखी माणसं खेळवायची तर कुणाचीच बॅट नको, मैदान तिऱ्हाइताचं हवं. म्हणून मोठ्या शूटर गेमचे सर्व्हर कंपन्या स्वतः चालवतात. मित्रामित्रांत खेळायला जी 'रूम' काढतात, आयडी आणि पासवर्डवाली, तीही यजमानाच्या फोनवर नसते. तिऱ्हाइताच्या मैदानाचा एक कोपरा तेवढ्या वेळेपुरता आपल्या नावे मिळतो, इतकंच.

धुळ्याहून जळगाव, व्हाया मुंबई

मैदान आहे कुठे? बऱ्याच गेमचं मुंबईत. २०१५ ते २०१७ या काळात मायक्रोसॉफ्ट, ॲमेझॉन आणि गूगल या तिघांनीही मुंबईत आपापली मोठी संगणक-केंद्रं सुरू केली आणि पूर्वी सिंगापूरच्या सर्व्हरवर विसंबून असलेल्या कंपन्यांना इथेच जागा भाड्याने मिळू लागली. पवई-चांदिवलीत आणि खाडीपलीकडे ऐरोली-महापे पट्ट्यात अशी बिनखिडक्यांची इमारत दिसली तर ओळखायचं. 'काउंटर-स्ट्राइक'चे सर्व्हर मुंबईत आणि चेन्नईत आहेत, 'व्हॅलोरंट'चे मुंबईत.

धुळ्याहून जळगाव सडकेने पंचाण्णव-शंभर किलोमीटर, पारोळा-एरंडोलवरून. पण रेल्वेने जायचं म्हणाल तर आधी धुळे-चाळीसगाव ५६ किलोमीटर, तिथे गाडी बदला, मग मुख्य मार्गाने जळगाव. रूळ तसे टाकलेत, इलाज नाही. डेटाचे रूळ याहून विचित्र. झोपाळ्यावरचा एक फोन एका कंपनीच्या सिमवर, दुसरा दुसऱ्या कंपनीच्या वायफायवर. या दोन कंपन्यांची जाळी जळगावात एकमेकींना भेटत नाहीत. ती भेटतात मोठ्या शहरातल्या अदलाबदलीच्या जंक्शनवर. देशातला डेटा देशातच बदलून घ्यायला निक्सी नावाची संस्था २००३मध्ये निघाली ती यासाठीच, त्याआधी शेजारच्या गल्लीतला निरोप परदेशी फिरून येण्याचीही नौबत यायची. हे सगळं मी दिवाळीत सांगत होतो तेव्हा माझ्या आईने अहिराणीत एवढंच विचारलं, "एकच झोकावर बठीसन मुंबईले कसाले जातस रे?"

जायला वेळ किती लागतो? काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो. जळगाव-मुंबई रेल्वेने ४२० किलोमीटर आहे. तंतू रुळांच्या कडेनेच गेलाय असं धरलं तर जाऊन यायला ४ मिलिसेकंद आणि वर थोडं. मिलिसेकंद म्हणजे सेकंदाचा हजारावा भाग. पण गेमच्या कोपऱ्यात पिंग, म्हणजे जाऊन यायचे मिलिसेकंद, दिसतो ४०-५०. बाकीचा वेळ कुठे गेला?

बहुतांश घराजवळच. फोन ते टॉवर या शेवटच्या टप्प्यात हवेतला एकच मार्ग शेकडो फोन वाटून घेतात. प्रत्येकाला टॉवर पाळी देतो आणि पाळीची वाट पाहावी लागते. मग वाटेतली उपकरणं, जंक्शनं. आणि सगळ्यांत मोठा चोर म्हणजे रांग. घरात कुणी लग्नाचे व्हिडिओ क्लाउडवर चढवत असेल तर ते राउटरच्या तोंडाशी दाटतात. रावेर-सावद्याकडे केळीचा हंगाम जोरात असताना फाटकापाशी ट्रकची रांग लागते, आणि मागून आलेला दुधाचा मोटरसायकलवाला दोन कॅन घेऊन तिष्ठत उभा राहतो, अगदी तसं. गेमचा निरोप त्या मोटरसायकलएवढाच असतो. सेकंदाला काही किलोबाइट, बस.

म्हणून 'शंभर एमबीपीएसचा प्लॅन घेतला तरी लॅग, म्हणजे खेळाचं मागे पडणं, जात नाही' ही तक्रार मला पटते आणि तिचं आश्चर्यही वाटत नाही. रस्ता चौपदरी झाला म्हणून पारोळा जवळ येत नाही. ट्रकांची गर्दी असेल तर चौपदरीचा फायदा होतो, रस्ता आधीच मोकळा असेल तर दुपदरी काय नि चौपदरी काय.

> चौकट : पिंगचा आकडा वाचताना
>
> पिंग म्हणजे निरोप सर्व्हरपर्यंत जाऊन परत यायला लागणारे मिलिसेकंद. लहान आकडा चांगला, पण तो स्थिर आहे का हे आधी बघा. रोज दहा मिनिटं उशिरा येणारी एसटी चालते, कारण आपणही दहा मिनिटं उशिरा निघतो. कधी पाच मिनिटं तर कधी चाळीस मिनिटं उशिरा येणारी आपल्याला वेड लावते. ४० ते १८० असा उड्या मारणारा पिंग सरळ ९०च्या पिंगपेक्षा त्रासदायक. उड्या दिसल्या तर आधी घरात कोण काय चढवतंय ते विचारा, मग राउटरच्या जवळ बसून पाहा. आकडा कायमच मोठा असेल तर गेमने निवडलेला सर्व्हर कुठला आहे ते तपासा. सिंगापूर मुंबईपासून सरळ रेषेत सुमारे ३,९०० किलोमीटर आहे. नुसत्या प्रकाशाला जाऊन यायलाच ४० मिलिसेकंद लागतात, तिथे कुठलाच प्लॅन कामाचा नाही.

पोस्टकार्डं, आणि उधारीची वही

वाटेत एखादा निरोप हरवला तर? व्हॉट्सॲपचा हरवून चालणार नाही, तो रजिस्टर पत्रासारखा पोच घेऊन जातो. (रजिस्टर पत्र २०२५मध्ये स्पीड पोस्टात विलीन झालं, पण उपमेपुरतं राहू द्या.) शूटर गेम मात्र सेकंदाला कित्येक पोस्टकार्डं टाकत सुटतो. 'आता इथे आहे', 'आता इथे', 'आता इथे'. एक हरवलं तर ते पुन्हा मागवत नाहीत, कारण ते येईपर्यंत शिळं होणार आणि पुढचं कार्ड हातात असणार. 'व्हॅलोरंट'चा सर्व्हर सेकंदाला १२८ वेळा खेळाचा हिशेब मांडतो, म्हणजे दर ८ मिलिसेकंदांनी. एका कार्डासाठी कोण रडत बसेल?

पण खरी हातचलाखी इथून पुढे आहे. पुढे सरकायचं बटण दाबलं, निरोप मुंबईला गेला, सर्व्हरने होकार दिला, तो परत आला आणि मग आपलं पात्र हललं, असं असतं तर प्रत्येक पाऊल चिखलातून टाकल्यासारखं जड झालं असतं. सुरुवातीच्या इंटरनेटवरच्या गेममध्ये ते तसंच व्हायचं. १९९६ साली जॉन कारमॅक याने 'क्वेक' या गेमच्या इंटरनेटवरच्या आवृत्तीत उपाय काढला: होकाराची वाट न बघता आपल्या पुरतं आपणच हलायचं.

किराण्याच्या उधारीसारखं. पोरगं जाऊन दोन किलो साखर आणतं, आपण घरच्या वहीत लिहितो आणि चहा टाकतो. दुकानदाराच्या वहीत काय लिहिलंय ते बघायला थांबत नाही, कारण बहुधा दोन्ही वह्या जुळतात. जुळल्या नाहीत तर मात्र दुकानदाराची वही प्रमाण. फोन असाच घरची वही ठेवतो. आपण पळालो, त्याने लगेच पळताना दाखवलं. नंतर मुंबईहून हिशेब आला: 'तू पळालासच नाहीस, दारात दुसरा आडवा उभा होता.' मग फोन गुपचूप आपल्याला मागे आणून ठेवतो. खेळताना अचानक आपण रबराने ओढल्यासारखे मागे येतो ना, ती वहीतली दुरुस्ती. अशा वेळी धुळेकर ओरडतो, "आरे भो, नेट अटकी राह्यनं!" तसं नेट फारसं अडकलेलं नसतं. उधारी खोटी निघालेली असते.

आता 'ध-धाड' उलगडतं. जळगावकराने चाप ओढला की त्याचा फोन घरच्या वहीवर विश्वासून लगेच आवाज करतो. तीच गोळी धुळेकराच्या फोनला मात्र मुंबईचा फेरा करून कळते. वर त्याचा फोन आणखी थोडा वेळ मुद्दाम थांबतो, कारण पोस्टकार्डं मागेपुढे येतात. दोन-चार जमवून ठेवली तर समोरचा माणूस तुटक उड्या न मारता सलग चालताना दाखवता येतो. धुळेकराने झाडली की तेच उलट. आपण स्वतःला वर्तमानात बघतो आणि बाकी सगळ्यांना किंचित भूतकाळात.

'मी भिंतीआड गेलो होतो!'

मॅचनंतरचं भांडण ठरलेलं. "मामा, मी भिंतीआड पोचलो होतो, तरी मारलं. हॅक आहे त्याच्याकडे."

असू शकेल, पण बहुधा नसतो. समजा मारणाऱ्याचा निरोप मुंबईपर्यंत पोचायला ५० मिलिसेकंद लागले आणि त्याच्या पडद्यावर आमचा पोरगा ५० मिलिसेकंद जुना दिसत होता. त्याने नेम धरला तो या जुन्या पोराला, जो अजून उघड्यावर होता. नेम अगदी बरोबर. पण गोळीची बातमी सर्व्हरवर येईतो आमचा पोरगा भिंतीआड शिरलेला. आता सर्व्हरने काय करावं? 'हल्लीच्या' जागेवर निकाल दिला तर नेम बरोबर असूनही गोळी वाया, आणि प्रत्येकाला पळणाऱ्याच्या पुढे अंदाजाने हातभर हवेत नेम धरावा लागेल. पूर्वी तसंच करायचे, पिंग बघून किती पुढे नेम धरायचा ते पाठ करायचे.

'काउंटर-स्ट्राइक'वाल्या व्हॉल्व्ह कंपनीतल्या यान बर्नियर यांनी २००१मध्ये याची उकल लेखातून मांडली. सर्व्हरने थर्ड अंपायर व्हायचं. गोळीची बातमी आली की मागच्या काही क्षणांची चित्रफीत मागे फिरवायची, चाप ओढला त्या क्षणी मारणाऱ्याला समोर काय दिसत होतं ते पाहायचं आणि त्यावर निकाल द्यायचा. दिसत होता? मग लागली.

या रीतीत अन्याय होतोच. तो मारणाऱ्याकडून काढून मरणाऱ्याच्या पदरात टाकलेला असतो, इतकंच. माझ्या मते हा सौदा बरा. नेम बरोबर असून गोळी न लागणं सारखं सारखं घडलं असतं, भिंतीआड मरणं कधीमधी घडतं. यातून एक फायदा मात्र कोपऱ्यावरून अचानक बाहेर येणाऱ्याला मिळतो: तो आपल्याला आधी बघतो, आपल्याला तो थोड्या वेळाने दिसतो. दबा धरून बसणं जास्त सुरक्षित, असा आपला समज असतो. या खेळांत तो पूर्ण खरा नाही. जळगावकराला हे सांगितल्यापासून तो कोपरे सोडून धावतोय आणि रोज मरतोय, त्याचं खापर अर्थात माझ्यावर फुटतं.

लाईट गेली तेव्हा

त्याच भाऊबीजेला, मॅचमध्ये बाराच जण उरलेले असताना लाईट गेली. राउटर बंद. जळगावकर वायफायवर होता, धुळेकर सिमवर. टॉवरला बॅटरी असते, त्यामुळे धुळेकराचं नेट चालूच.

त्याच्या पडद्यावर मी डोकावलो. जळगावकराचं पात्र एका झाडाजवळ नुसतं उभं होतं. ना वाकत होतं ना हलत होतं. त्याच्या फोनकडून पोस्टकार्डं येणं थांबलं होतं, पण सर्व्हरच्या वहीत तो होताच, हेल्थ किती, गोळ्या किती, सगळं नोंदलेलं. खेळाडू गेला म्हणून त्याचं शरीर मैदानातून उचलत नाहीत, नाहीतर हरायची वेळ आली की जो तो नेट बंद करून सटकला असता. धुळेकराने भावाभोवती धुराचे दोन गोळे टाकले आणि दगडाआडून राखण करू लागला.

इकडे जळगावकराने मोबाइल डेटा सुरू केला. हा आता वेगळाच वाडा, वेगळा राखणदार, बाहेरून दिसणारा पत्ताही वेगळा. सर्व्हरच्या दृष्टीने कुणीतरी अनोळखी दार वाजवत होता. पण मॅचमध्ये शिरताना मिळालेली ती गुप्त खूण फोनमध्ये शिल्लक होती. पडद्यावर 'रीकनेक्ट' आलं, त्याने दाबलं, खूण पटली, आणि झाडाजवळच्या बाहुलीत पुन्हा जीव आला.

"कुठून मारताय?" त्याने विचारलं. हा प्रश्न धुळेकराने दोनदा ऐकला, एकदा डाव्या कानाशी आणि लगेच नंतर फोनमधून.